मेधा, शेवटच्या गाण्याचं काय करू?

मेधा,

कॅसेट कंपनीचा माणूस रोज सकाळी दुकानात फोन करतो. मी गिऱ्हाइकासमोर अस्तराचं कापड मोजत असतो, पट्टी एका हातात आणि रिसीव्हर खांद्यावर. "सोमवारी मास्टर टेप पाहिजे," तो म्हणतो, "आणि त्या शेवटच्या गाण्याचं एकदा काय ते ठरवा." मी हो हो म्हणून फोन ठेवतो आणि कापड वाकडं फाडतो. हे ठरवायचं काम माझं कधीच नव्हतं. "नागेश, तू फक्त वाजव, बाकी मी बघते," असं तूच म्हणायचीस. बघ ना मग.

होसूर रोडवर त्या दिवशी काय झालं ते मी इथे लिहिणार नाही. भेटायला येणारा प्रत्येक जण ते मला नव्याने सांगतो, जणू मला ठाऊकच नाही. तुझी स्कूटर कुठे होती, लॉरी कुठून आली. मला त्यातलं काही ऐकायचं नाही. मला तुझ्याशी भांडायचं आहे. आपलं भांडण अर्धं टाकून तू निघून गेलीस आणि मी त्याचं माझ्या बाजूचं अर्धं घेऊन दुकानात बसलोय. हा कुठला न्याय?

तू पुण्याहून बंगळूरला नोकरीला आलीस तेव्हा आईने आमची वरची खोली तुला दिली ती केवळ तू मराठी बोलतेस म्हणून. पहिल्याच दिवशी तिने तुला उंबऱ्यात उभं करून नियम सांगितले. "गीझर बंद करायचा. दिवा बंद करायचा. चप्पल बाहेर. आणि कशाची घाई करायची नाही माय, स्वल्प थांबायचं." तू मला जिन्यात गाठलंस. "स्वल्प? सरळ थोडं म्हणा की." मी म्हटलं, आम्ही मल्लेश्वरमात पिढ्यान्‌पिढ्या असंच बोलतो. "ते ऐकू येतंय," तू म्हणालीस. "तुमचं मराठी म्हणजे बिसीबेळे भात आहे. चव छान, पण आत काय काय घातलंय देव जाणे." मला राग आला होता. संध्याकाळी मी हे आईला सांगितलं तर ती हसून हसून खाली बसली आणि दुसऱ्या दिवशी तुझ्यासाठी वाटीभर बिसीबेळे भात वर पाठवला.

मग ते ड्रम मशीन आलं. एस. पी. रोडच्या जुन्या मालात तुला ते सापडलं, कुणीतरी कधीतरी परदेशातून आणलेलं, बंद पडलेलं. दिवसभर इलेक्ट्रॉनिक सिटीत कारखान्यात सर्किट बोर्ड तपासायचे आणि घरी येऊन पुन्हा तेच करायचं. सोल्डरिंगचा वास जिन्यापर्यंत यायचा. एका रविवारी ते चालू झालं. टक्‌ टिस्‌, टक्‌ टिस्‌. आई खालून ओरडली, "मेधा, मिक्सर बिघडला काय गं?" तू वरून ओरडलीस, "नाही काकू, सुधारला!"

आपल्या या गावात रॉक म्हणजे लांब केस आणि त्याहून लांब गिटारवादन. कीबोर्ड घेऊन कुणी स्टेजवर चढला की लोक त्याला लग्नाच्या ऑर्केस्ट्रात जा म्हणतात. आणि तुला हवा होता आपण शाळेत होतो तेव्हाच्या परदेशी क्लबांमधला आवाज, ज्याच्या घासून गेलेल्या कॅसेटी तू पुण्याहून कपड्यांत गुंडाळून आणल्या होत्यास. पातळ, थंड, मशीनचा ठोका, एका बोटाने वाजवल्यासारखा कीबोर्ड, आणि त्यावर भाव न दाखवता, जवळजवळ बोललेलं गाणं. त्याला तू गिटार आणि खरे ड्रम जोडणार होतीस. "हे कोण ऐकणार?" डेंझिलने विचारलं. तो गिटार चांगली वाजवतो, पण कुठल्याही कामातली अडचण त्याला आधी दिसते. तू म्हणालीस, "रॉकवाले घाम गाळतात, डिस्कोवाले दात काढतात. मला दोन्ही नको. चेहरा कोरा आणि पाय वेडे, असं पाहिजे." मला त्यातलं फारसं कळलं नाही, पण तू ते इतक्या खात्रीने म्हणालीस की मी लगेच हो म्हटलं.

शब्द तू कुठून आणणार याची आम्हाला काळजी होती. तू आईचे नियमच गायलीस. गीझर बंद, दिवा बंद, चप्पल बाहेर, दार बंद. सुरात नाही, बस कंडक्टर थांबे सांगतो तसं. खाली मशीन आणि डेंझिलची करवतीसारखी गिटार. आईला ऐकवलं तेव्हा तिने पदराने तोंड झाकलं. "अय्यो, माझंच बोलणं मलाच ऐकवतेय ही. भाडं वाढवू काय?" पण पाय हलत होता तिचा. तू तो मला डोळ्यांनी दाखवलास. त्या क्षणी मला वाटलं, या बाईबरोबर मी आयुष्यभर वाजवू शकतो. हे मी तुला बोललो नाही. बोललो असतो तर तू म्हणाली असतीस, आधी लय सांभाळ.

कारण लय हाच आपला झगडा. तो मी मुळापासून सांगतो, कारण हे पत्र उद्या दुसऱ्या कुणी वाचलं तर मी भजनी घरातला आहे हे त्याला ठाऊक नसेल. आमच्या समाजाच्या दत्ताच्या देवळात दर गुरुवारी भजन असतं आणि मी चड्डीत होतो तेव्हापासून तिथे ढोलकी वाजवतो. आमच्यात शेवटच्या गजराला लय चढवायची ती ढोलकीवाल्याने. तो पळाला की टाळ पळतात, टाळ पळाले की माणसं. थांबायचं कधी हे कुणी ठरवत नाही. दम संपला की भजन संपलं. संथ राहणाऱ्याला आमचे म्हातारे म्हणतात, "याचा देव झोपलाय." असल्या शिकवणीतला माणूस ड्रमवर बसवलास तू आणि त्याच्या शेजारी ठेवलंस एक मशीन, जे पहिल्या ठोक्यापासून शेवटच्यापर्यंत एका मिलिमीटरने सरकत नाही. प्रत्येक गाण्याच्या शेवटी माझे हात आपोआप पळायला लागायचे.

ब्रिगेड रोडवरची ती दुपार तू कधी विसरली नाहीस. कॉलेजची पोरं क्लासला जातो सांगून डिस्कोत यायची. बाहेर टळटळीत ऊन, आत पडदे ओढून केलेला अंधार. आपली पहिली गाणी झाली आणि पोरं खरंच नाचायला लागली, अगदी तुला हवं तसं, कोऱ्या चेहऱ्याने. मला इतका आनंद झाला की शेवटच्या गाण्यात मी सुटलो. मशीन मागे राहिलं, मी पुढे, डेंझिल दोघांच्या मध्ये. जमिनीवरचे पाय एकदम गोंधळले. पोरं थांबून एकमेकांकडे बघायला लागली, आणि मग हसायला.

बाहेर पायऱ्यांवर तू माझ्याकडे न बघता बोललीस. "नाचणाऱ्याचा जमिनीवर विश्वास असतो, नागेश. तू जमीनच हलवलीस."

"लय चढली नाही तर गाण्यात जीव कुठून येणार?"

"जीव त्यांच्या पायात असतो. तू फक्त जमीन हो."

"मग मी कशाला पाहिजे? मशीन आहे की."

"हो, तोच विचार करतेय," तू म्हणालीस आणि रिक्षा थांबवलीस.

दोन्ही बाजू खऱ्या होत्या, हे मला आज कळतं असं नाही, तेव्हाही कळत होतं. पण कळून काय उपयोग. तू पुढच्या सरावाला बोलावलंस तेव्हा जिवात जीव आला. आणि त्याच आठवड्यात गुरुवारी तू देवळात आलीस. सांगून नाही. दाराशी उभी राहिलीस, हात बांधून, चपला पायात घालायच्या तयारीत. गजर चढला, माझं डोकं खाली होतं. वर पाहिलं तेव्हा तू गेली होतीस. कसं वाटलं विचारलं तर म्हणालीस, "गरम होत होतं." बस्स.

आपला पहिला अल्बम आपण मूर्तींच्या स्टुडिओत केला, जिथे एरवी कानडी देवाची गाणी आणि साबणाच्या जाहिराती होतात. सगळी गाणी नीट झाली. मी दात आवळून जमीन झालो. राहिलं शेवटचं, ज्यात तू आईचं "स्वल्प थांब, स्वल्प थांब" एवढंच पुन्हा पुन्हा म्हणतेस. ते सगळ्यांनी एकत्र वाजवायचं ठरलं. त्या दिवशी मी मनाशी पक्कं केलं होतं की काही झालं तरी पळायचं नाही. डोळे मिटून वाजवत होतो. आणि शेवटाकडे लय चढली. कानातल्या हेडफोनमध्ये मशीनही चढत होतं, माझ्याबरोबर. मला वाटलं, झालं, मी पुन्हा पळालो आणि गाणं फुटू नये म्हणून तू मशीनचं लयीचं बटण फिरवत नाइलाजाने माझ्यामागे येतेयस.

शेवटचा ठोका पडला. काचेपलीकडे मूर्ती टाळ्या वाजवत होते. तू हेडफोन काढून खुर्चीत टाकलास. "काढून टाका हे. कचरा आहे. पुढच्या आठवड्यात पुन्हा घेऊ."

माझा तोल गेला. सगळ्यांसमोर मी ओरडलो. "किती आवळून धरू अजून? मी माणूस आहे गं, तुझं यंत्र नाही!"

"माहीत आहे," तू म्हणालीस. तेवढंच. तुझा चेहरा नेहमीसारखा कोरा होता. तू स्कूटर काढून गेलीस, मी बसने आलो. नंतर तू खाली जेवायला येईनास. आई म्हणाली, "जा रे, बोलून ये. एकाने तरी आधी जायला हवं." मी हट्टी, तू माझ्याहून हट्टी. जिन्यात एकदा समोरासमोर आलो तेव्हा दोघंही भिंतीकडे सरकलो आणि दुसऱ्याला वाट दिली. मग तो दिवस आला.

काकू, म्हणजे तुझी आई, तुझं सामान न्यायला पुण्याहून आल्या. त्या रडल्या नाहीत. खोलीत कपड्यांच्या घड्या घातल्या, मशीनवरून हात फिरवला आणि मला म्हणाल्या, "ही काय करत होती इथे, ते मला ऐकायचंय." मी त्यांना मूर्तींकडे नेलं. काकू काचेसमोरच्या सोफ्यावर पर्स मांडीवर घेऊन बसल्या, दवाखान्यात नंबर येण्याची वाट बघत बसतात तशा. गीझर बंद, दिवा बंद ऐकून त्यांनी विचारलं, "हे गाणं आहे?" मी हो म्हटलं. "बरं," त्या म्हणाल्या.

शेवटचं गाणं लागलं तेव्हा त्या पुढे सरकल्या. "नुसता तिचा आवाज ऐकू येईल का?" मूर्तींनी बाकीच्यांचे आवाज खाली ओढले. आता तू एकटी. स्वल्प थांब, स्वल्प थांब. सुरुवातीला तोच बस कंडक्टरसारखा सपाट आवाज. शेवटाकडे शब्द एकमेकांवर पडायला लागले, मध्ये श्वास, मोठा, तोंड उघडून घेतलेला.

"दम लागलाय तिला," काकू म्हणाल्या. "शाळेला उशीर झाला तरी पळायची नाही ही. चालत जायची, शिक्षा भोगायची."

मला काय सुचलं कोण जाणे. मी मूर्तींना म्हटलं, मशीन आणि माझे ड्रम एवढेच लावा. त्यांनी लावले. पुन्हा लावले. मग ते कानडीत म्हणाले, "नोडी, बघा, मशीन पुढे आहे. तुम्ही मागून येताय."

मी पुन्हा ऐकलं, मेधा. डोळे उघडे ठेवून ऐकलं. लय चढायला लागते तिथे मशीनचा ठोका आधी पडतो, माझा त्याच्यामागे, केसभर उशिरा, बिचकत. मी धरून ठेवलं होतं. मी जमीन झालो होतो. तू पळालीस.

आणि मग मला जो राग आला तो कुणाला सांगू? तू गेल्यावर मला पहिल्यांदा खरा राग आला आणि तो तुझाच. तुला ठाऊक होतं! मी सगळ्यांसमोर ओरडत होतो, माझ्या हातांना दोष देत होतो, आणि तू "माहीत आहे" एवढं बोलून स्कूटरवर बसलीस. एक वाक्य पुरलं असतं. नागेश, आज तू नाही, मी. इतकं जड होतं का ते? की इतक्या वर्षांचं कोरं तोंड सगळ्यांसमोर सुटलं याची लाज वाटली? डेंझिल म्हणतो, बटण सैल होतं, आपोआप फिरलं असेल. बटण सैल होतं, मान्य. पण सैल बटण झटक्याने सरकतं. हे पायरी पायरीने चढतं, मध्ये जरा थांबतं, मग पुन्हा घेतं. आमच्या देवळात गजर असाच चढतो. तू दाराशी उभी राहून ते उचलून नेलं होतंस आणि मला म्हणालीस, गरम होत होतं!

कधी कधी विचारणारे विचारतात, तुमच्यात काही होतं का? काही नव्हतं. असतं तर लोकांना सांगायला सोपं गेलं असतं. तू माझी भाडेकरू होतीस, माझी मास्तरीण होतीस आणि माझ्याशी सगळ्यात वाईट भांडणारी व्यक्ती होतीस. मला इतकं मनावर कुणी घेतलंच नव्हतं. दुकानात मी चुकलो तर वडील हसून सोडून देतात. तू एका ठोक्यासाठी पायऱ्यांवर अश्रू येईपर्यंत भांडलीस, अश्रू माझ्या डोळ्यांत, तुझ्या नाही. त्यासाठी मी तुझा फार ऋणी आहे, आणि हेही तुला ऐकवायचं राहिलंच.

तर आता सोमवार. कंपनीचा माणूस म्हणतो, शेवटचं गाणं लयीत नाही, दुकानदार माल परत करतील. त्याऐवजी तुझ्या आठवणीत एक संथ पियानो टाका आणि कव्हरवर तुझा हसरा फोटो. मी त्याला म्हटलं, तिचा हसरा फोटो कुणाकडेच नाही. डेंझिल म्हणतो, गाणं ठेव, तिलाही तेच आवडलं असतं. डेंझिलचं मन मोठं आहे, पण तो खोटं बोलतोय. तुला ते मुळीच आवडलं नसतं.

काकूंना मी स्टुडिओच्या पायऱ्यांवर विचारलं. त्यांनी पर्स बंद केली. "तिने काढा म्हटलं होतं ना?"

"हो."

"मग झालं तर. ती एकदा नाही म्हणाली की आमच्या घरात तो विषय पुन्हा निघायचा नाही." थोडं चालल्यावर त्या म्हणाल्या, "पण बँड तुमचा. मी काय बोलणार. कॅसेट मात्र मला पाठव, त्यात काहीही असलं तरी."

मला तीन-चार दिवस जेवण गेलं नाही. गाणं काढलं तर तुझा शब्द राहतो, आणि तू पळाल्याची एकमेव खूण मूर्तींच्या कपाटात पडून पुसली जाते, त्या टेपवर उद्या कुणी साबणाची जाहिरात घेईल. ठेवलं तर मी तुझ्या पाठीमागे तुझ्याविरुद्ध निकाल लावला असं होतं. आई बघत होती. काल ताट पुढे सरकवत म्हणाली, "सरी, बरं, बोल काय ते. तिला काय आवडलं असतं याचा विचार करतोस होय? ती आता सांगायला येणार नाही बाबा. तुला काय करायचंय ते सांग."

आज सकाळी फोन आला तेव्हा मी कापड बाजूला ठेवलं. मी सांगितलं, गाणं राहील. जसं आहे तसं, कुठेही न कापता, सगळ्यात शेवटी. पियानो नाही, फोटो नाही. त्याने बरीच कटकट केली. मी म्हटलं, नको असेल तर मास्टर टेपच देत नाही. शेवटी तो "बरं, बघतो" म्हणाला.

मी हे तुझ्या इच्छेने केलं असं कुणाला सांगणार नाही. तुझ्या इच्छेविरुद्ध केलंय, माझ्या इच्छेने, कारण मला ते गाणं हवं आहे. तू असतीस तर आज वरून जिना उतरून आली असतीस, दुकानात, गिऱ्हाइकांसमोर, आणि त्याच सपाट आवाजात म्हणाली असतीस, "नाही. मी काढ म्हटलं होतं." मी वाद घातला असता आणि हरलो असतो. तसं ते "नाही" एकदा ऐकायला मिळालं ना, मेधा, तर मी हे गाणंच काय, सगळा अल्बम पुसून टाकीन.